नावाला हात लावायचा नाही

कोशकाका मागच्या वर्षी वारले. निवर्तले, कालवश झाले असलं काही मी लिहिणार नाही. आयुष्यभर तेच केलं, आता पुरे झालं.

काकांना अख्खा शब्दकोश पाठ आहे, असं आमच्या ऑफिसात नव्याने येणाऱ्या प्रत्येकाला सांगितलं जाई. तितकं काही खरं नव्हतं. पण 'वाट' म्हटलं की मार्ग, रस्ता, पथ, पंथ असं ते एका दमात म्हणून दाखवत आणि वर विचारत, अजून हवेत की भागलं? छापखान्यात तीस वर्षं मुद्रितं तपासून त्यांची मान कायमची पुढे आली होती. छापखाना बंद पडला आणि उतारवयात ते आमच्याकडे आले. शर्टाच्या खिशात दोन पेनं, लाल आणि निळं. आमच्याकडे कागदावर लिहायचं काहीच नसे, तरी ती पेनं रोज भरलेली असत.

ऑफिस टायरच्या दुकानावर, दुसऱ्या मजल्यावर होतं. खिडकी उघडली की रबराचा वास आणि बंद केली की आमचाच वास, म्हणून ती अर्धी उघडी असे. भिंतीला तोंड करून सात टेबलं एका रांगेत. दाराजवळचं पहिलं माझं, खिडकीजवळचं सातवं काकांचं.

आमचं काम काय, हे मी घरी कधी धड सांगितलं नाही. माझी आई असेपर्यंत सगळ्यांना सांगत होती की लेक वार्ताहर आहे. त्या ऑफिसातून बाहेर पडून मी एकही बातमी कधी आणली नाही. साहेबांच्या मालकीची बातम्यांची सात संकेतस्थळं होती, सातही वेगळ्या नावांची, जणू एकमेकांची ओळखही नाही. बातमी मात्र एकच आणि तीही दुसऱ्याची. कुठल्यातरी वर्तमानपत्रातून सकाळी उचलायची, शब्द बदलायचे, वाक्यं पुढची मागे करायची आणि सात ठिकाणी टाकायची. शब्द नीट बदलले नाहीत तर संगणकावर तो भाग तांबडा होई. तांबडं दाखवणाऱ्या त्या यंत्रणेला आम्ही चोरपकड म्हणत असू. चोरांनीच पगार देऊन ठेवलेला पोलीस होता तो.

यात एक नियम होता आणि तो काकांच्या टपोऱ्या अक्षरात भिंतीवर चिकटवलेला होता: नावाला हात लावायचा नाही. माणसाचं नाव, गावाचं नाव, वय, आकडा, जसाच्या तसा. बाकी सगळं बदला. हा नियम लिहायची वेळ आली, कारण एका नव्या मुलीने उत्साहाच्या भरात एका पुढाऱ्याचं नाव 'उजेड' करून ठेवलं होतं. पुढाऱ्याच्या माणसांनी फोनवर साहेबांना असे शब्द ऐकवले की त्यांना पर्याय काकांनाही सुचले नसते. त्यानंतर सगळी नावं तपासायचं काम काकांकडे आलं.

ते ती कशी तपासत, हे सांगायला हवं. छापखान्यातून त्यांनी एक पुठ्ठा आणला होता, पोस्टकार्डाएवढा, मधोमध बोटभर लांबीची चीर कापलेला. तो ते पडद्यावर धरत, चिरेतून फक्त नाव दिसे, आणि ते अक्षर अक्षर मोजून मूळ बातमीशी जुळवत. मी एकदा विचारलं की एवढा सोस कशाला, सरळ वाचत का नाही. ते म्हणाले, वाचायला लागलं की अर्थ डोळ्यावर येतो आणि अर्थ डोळ्यावर आला की अक्षर चुकतं. मुद्रितं तपासणाऱ्याने वाचायचं नसतं म्हणे. नऊ वर्षांत त्यांच्या हातून एकही नाव चुकलं नाही. आमच्यासारख्यांच्या गाळात त्यांनी एवढी एकच गोष्ट स्वच्छ ठेवली होती आणि तिचा त्यांना अभिमान होता.

दुसरी रीत साखळीची. सातही जणांनी मूळ बातमीवरूनच शब्द बदलले तर सात बातम्या एकमेकींसारख्या होत, आणि चोरपकड पुन्हा तांबडं दाखवी. म्हणून मूळ बातमी फक्त मी वाचायची. माझी प्रत दुसऱ्या टेबलावर जाई, दुसऱ्याची तिसऱ्याकडे, अशी शेवटी काकांकडे. प्रत्येकाने फक्त आपल्या उजव्या हाताकडून आलेलं पाहायचं आणि डाव्या हाताला द्यायचं. पंचवीस मिनिटांत सात प्रती निघत. साहेबांना या रीतीचं फार कौतुक होतं, पाहुणे आले की दाखवत.

आता त्या दिवसाचं सांगते. मंगळवार होता. लिफ्ट दुरुस्त करणारा एक तरुण कारागीर काम करताना चौथ्या मजल्यावरून लिफ्टच्या खड्ड्यात पडला होता. त्याचं नाव मी इथे लिहिणार नाही. त्याच्या घरच्यांनी ते पुरेसं छापलेलं पाहिलं आहे. मूळ बातमीत होतं, 'त्याला बेशुद्धावस्थेत रुग्णालयात दाखल करण्यात आले.' मी बेशुद्धचं 'निपचित' केलं. बेशुद्ध माणूस निपचितच पडलेला असतो, यात कुणी मला चूक दाखवावी. दुसऱ्याने निपचितचं निश्चेष्ट केलं. तिसरीने अचेतन. चौथ्याने निर्जीव, आणि माझ्या मते खरा अपराधी तो चौथा, हे मी पुढे कितीतरी वर्षं स्वतःला सांगत आले. पाचव्याने निष्प्राण केलं, सहावीने गतप्राण. ध चा मा एकाच माणसाने केला असता तर त्याला धरता तरी आलं असतं. इथे प्रत्येक जण एकेक पायरीच उतरला होता.

काकांच्या हातात प्रत आली तेव्हा तिच्यात त्या तरुणाच्या नावातलं वडिलांचं नाव गळलेलं होतं. असं अर्धं नाव काकांना खपत नसे. त्यांनी मूळ बातमी उघडली. तिच्यावर पुठ्ठा धरला, चिरेतून पूर्ण नाव पाहिलं, अक्षरं मोजली, उतरवून घेतलं आणि मूळ बातमी बंद केली. 'बेशुद्धावस्थेत' हा शब्द तेव्हा पुठ्ठ्याखाली होता. नावापासून दोन बोटांवर. मग त्यांनी गतप्राणचं सोपं करून 'मृतावस्थेत' केलं आणि मथळ्यात पूर्ण नाव घातलं.

साडेआठला बातम्या गेल्या. साडेदहाला रुग्णालयातल्या कुणा कारकुनाचा साहेबांना फोन आला की माणूस जिवंत आहे, तुम्ही काय छापताय? साहेब केबिनमधून बाहेर आले आणि म्हणाले की सगळीकडे गुपचूप बेशुद्ध करून टाका, खाली चूकभूल वगैरे लिहायची गरज नाही. दहा मिनिटांत ते झालं; पुसण्याआधी काकांनी सातही प्रती ओळीने उघडून पाहिल्या. चहा आला, चहा झाला. काका तेवढे खिडकीकडे तोंड करून उभे राहिले होते, आणि मी त्यांना म्हटलंही, काका, जिवंत आहे ना, मग झालं तर.

पुढच्या सोमवारी त्याच घरातली दुसरी बातमी आली. त्या कारागिराची आई मंगळवारी संध्याकाळीच वारली होती. हृदयाची जुनी रुग्ण. तिला स्वतःला वाचता येत नव्हतं, सकाळी नऊला धाकट्या मुलीने तिला फोनवरची बातमी वाचून दाखवली आणि ऐकताच ती कोसळली होती. मुलगा चौथ्या दिवशी शुद्धीवर आला. वार्ताहराने सगळी संकेतस्थळं तपासली, सगळीकडे 'बेशुद्ध' असंच होतं, आणि त्याने लिहिलं, 'बहिणीने बातमी चुकीची वाचल्याने मातेचा मृत्यू.'

मी ती बाजूला ठेवायला हवी होती. उठून साहेबांना सांगायला हवं होतं. मी मूग गिळून 'चुकीची वाचल्याने'चं 'नीट न वाचल्याने' केलं आणि प्रत डावीकडे सरकवली. त्याचं पुढे 'दुर्लक्षामुळे' झालं, मग 'बेपर्वाईने', आणि प्रत काकांकडे पोचली तेव्हा ती मुलगी हलगर्जी झालेली होती. साहेब केबिनच्या दारात उभे होते. मग काकांनी खिशातून पुठ्ठा काढला आणि त्या मुलीचं नाव तपासलं. बरोबर होतं.

तेव्हापासून काकांच्या मागे ते लागलं. भूत म्हणायचं तर म्हणा, पण पांढऱ्या कपड्यातलं काही दिसत नव्हतं त्यांना. शब्द दिसत. सकाळी संगणक सुरू केला की आधी ते त्या भावाबहिणीची नावं टाकून बघत, आणि त्या दोन बातम्या रोज तिथेच असत. एखादा साधा शब्द आला की तो उतरून उतरून कुठे जाईल, ते त्यांना आधीच दिसे. 'ताप' बदलायला त्यांना अर्धा तास लागू लागला. 'शांत' हा शब्द त्यांनी बदलायचाच सोडला. साहेबांनी त्यांच्याकडचं लिहिणं काढून घेतलं आणि नावं तपासण्यापुरतं ठेवलं, पगार कमी केला.

एकदा बाजारात त्यांच्या घरच्या काकू भेटल्या. म्हणाल्या, "मला दुपारची झोप मिळत नाही गं. डोळा लागला की हे शेजारी खुर्ची टाकून बसतात आणि थोड्या वेळाने उठवतात. का तर म्हणे, फार निपचित पडली होतीस." त्या हसत होत्या. मला हसता आलं नाही. तो माझा शब्द होता, आणि काकांनी तो कुठून उचलला ते मला ठाऊक होतं.

अशी सहा वर्षं गेली. मग साहेबांनी माणसांऐवजी यंत्रच आणलं, ते सात प्रती सात सेकंदांत काढी. आम्हा सगळ्यांना एकाच शुक्रवारी निरोप मिळाला. पुढच्या आठवड्यात काकांचा फोन आला. म्हणाले, "मी त्या मुलीकडे जातोय. सहा वर्षं पोटाचं कारण होतं. आता तेही राहिलं नाही. तू येशील का?"

कशासाठी जायचं, हे विचारायची गरज नव्हती. आई गेली ती गेली, तिला परत आणणं कुणाच्या हातात नव्हतं. पण ती मुलगी सहा वर्षं एका गोष्टीचं खापर डोक्यावर घेऊन बसली होती आणि ते उतरवू शकणारी माणसं जगात मोजून सात होती. सातांपैकी एकाला जावंसं वाटलं. मला वाटलं नव्हतं, हे मी सांगून टाकते. मी गेले, कारण नाही म्हणायला तोंड नव्हतं.

दोन बस बदलून आम्ही पोचलो. तीन मजली इमारत होती, लिफ्ट नव्हती. तिसऱ्या मजल्यावर काका कठड्याला धरून दम खात उभे राहिले. मग शर्टाच्या आतून त्यांनी प्लास्टिकच्या पिशवीत घातलेला एक कागद काढला. सातवी प्रत होती, त्या मंगळवारची, तारीख आणि वेळ छापलेली. त्यांची छापखान्याची सवय, आपली प्रत कागदावर काढून बघायची. आम्ही सगळ्यांनी आपापलं पुसलं होतं आणि त्यांनी मात्र हा कागद सहा वर्षं कपाटात ठेवला होता. मी विचारलं, काकूंना ठाऊक आहे? त्यांनी मान हलवली, नाही म्हणून.

दार तिनेच उघडलं. तिशीची असेल. जाड काचांचा चष्मा होता, आणि नंतर कळलं की तो तिला लागतच नव्हता. औषधांच्या दुकानात काउंटरवर होती ती, डॉक्टरांच्या वेड्यावाकड्या चिठ्ठ्या झरझर वाचायची. त्या मंगळवारनंतर नोकरी सोडली. तीन डॉक्टरांनी डोळे तपासले, तिघांनी ठीक आहेत म्हणून सांगितलं, चौथ्याने पैसे घेऊन चष्मा दिला. भाऊ आतल्या खोलीतून काठी टेकत आला आणि कॉटवर बसला. काकांनी बसायला नकार दिला.

उभ्या उभ्याच ते म्हणाले, "ताई, त्या दिवशीची बातमी मी लिहिली होती. तुम्ही बरोबर वाचलीत. तिथे मृत असंच होतं. दोन तासांनी आम्ही ते बदललं आणि कुणाला सांगितलं नाही."

तिला ते लगेच समजलं नसावं. तिने भावाकडे पाहिलं. काकांनी कागद पुढे केला. तिने तो घेतला, चष्मा काढून टेबलावर ठेवला आणि वरपासून मोठ्याने वाचायला लागली. मथळा, भावाचं पूर्ण नाव, वय, इमारतीचं नाव, चौथा मजला. शाळेतल्या मुलीसारखी, एकेका शब्दावर थांबत. त्या शब्दापाशी आली आणि तिने त्यावर बोट ठेवलं.

"हाच," ती भावाला म्हणाली. "आईला मी हाच वाचला. ती म्हणाली, नाव परत वाच. मी परत वाचलं."

भाऊ आमच्याकडे बघत म्हणाला की त्याने तिला कधीच दोष दिला नव्हता.

"नाही दिला," ती म्हणाली. "माझ्या हातात कागदही नाही दिला. तुझ्या गोळ्यांवरची तारीख शेजारच्या वहिनी येऊन वाचतात."

तो काठीच्या मुठीवरून अंगठा फिरवत राहिला. ती रडेल असं मला वाटत होतं, पण तिने फोन उचलला आणि मावशीला लावला. इथे एक गृहस्थ आलेत, त्यांचं जरा ऐक, एवढंच बोलून तिने फोन काकांच्या हातात दिला. काकांनी स्वतःचं पूर्ण नाव सांगितलं आणि मग तेच म्हणाले की बातमी मी लिहिली होती, तुमच्या भाचीने बरोबर वाचली, तिथे मृत असंच होतं. मावशी पलीकडून काहीतरी लांबलचक बोलल्या. काका ऐकत राहिले. मग तिने मामाला फोन लावला. मग आत्याला. मग गावाकडच्या कुणा चुलत भावाला, ज्याने तिच्या लग्नाची बोलणी मोडली होती. चारही वेळा काकांनी तीच वाक्यं सांगितली. मामांनी शिव्या दिल्या, त्या मला दारापर्यंत ऐकू आल्या. काकांनी फोन कानापासून दूरही धरला नाही.

तासभर तरी हे चाललं असेल. शेवटी काकांचा आवाज बसला तेव्हा तिने त्यांना खुर्ची दिली, आणि या वेळी ते बसले. कागद ठेवून घेऊ का, असं तिने विचारलं. ते म्हणाले, तुमचाच आहे. तिने तो घडी न घालता कपाटात, कपड्यांच्या वर ठेवला.

मग ती माझ्याकडे वळली. मी दाराजवळच्या स्टुलावर बसले होते, अगदी पहिल्या टेबलावर बसायचे तशीच, कोपऱ्यात.

"आणि तुम्ही?" तिने विचारलं.

मला सांगायचं होतं. जिना चढताना मी वाक्यही जुळवलं होतं. मूळ बातमी वाचणारी एकटी मी होते. बेशुद्ध हा शब्द त्या ऑफिसात माझ्याशिवाय कुणीही पाहिला नव्हता. साडेआठला गेलेली सातवी प्रत मी नुसती उघडून बघितली असती तर चूक मलाच कळली असती, दुसऱ्या कुणाला कळूच शकत नव्हती. आणि पुढच्या सोमवारी ती मुलगी खरं वाचत होती, हे ठाऊक असताना तिला खोटं पाडणारा पहिला शब्द मी लिहिला होता.

"यांना एकट्यांना बस झेपत नाही," मी म्हटलं. "म्हणून सोबत आले."

काकांनी मान वर करून माझ्याकडे पाहिलं. ते बोलले असते तर बरं झालं असतं. ते पुन्हा फरशीकडे बघू लागले.

ती आत गेली आणि माझ्यासाठी पाण्याचा पेला घेऊन आली. तो हातात देताना तिने माझा हात दोन्ही हातांत धरला.

"त्यांना घेऊन आलात," ती म्हणाली, "तुमचे फार उपकार झाले."

मी ते पाणी प्यायले.